लहान खोलीचं लाइटिंग: व्ही. के. मूर्ती की सुब्रत मित्र?

शॉर्टफिल्म असो की पहिला सिनेमा, बजेट बेताचं असलं की शूटिंग कुणाच्या तरी राहत्या घरातच होतं. दहा बाय बाराची खोली, एक खिडकी, एक दार, नऊ फुटांवर स्लॅब. कॅमेरा कुठला नि लेन्स कुठली यावर चर्चेचं गुऱ्हाळ चालू राहतं. खोली पडद्यावर कशी दिसणार, हे मात्र दुसऱ्याच निर्णयावर ठरतं: लाइट नटावर थेट टाकायचा, की कशावर तरी बाउन्स करून, म्हणजे पांढऱ्या पृष्ठभागावर मारून परतवून, घ्यायचा. भाड्यानं काय आणायचं, लाइटमन किती लागतील, नटाला हलायला किती जागा मिळेल आणि दिवसाला किती शॉट होतील, हे सगळं त्यामागून येतं.

आपल्याकडे या दोन वाटांचे दोन उस्ताद होऊन गेले. मुंबईत गुरुदत्तसाठी काम करणारे व्ही. के. मूर्ती आणि कोलकात्यात सत्यजित राय यांच्यासाठी काम करणारे सुब्रत मित्र. दोघांचं गाजलेलं काम कृष्णधवल आणि बहुतेक एकाच दशकातलं. माझा कल कुणाकडे आहे तो पुढे दिसेलच. तुमची खोली वेगळी असेल तर तुमचा निर्णयही वेगळा होऊ शकतो. तीन शब्द आधीच सांगतो: की म्हणजे मुख्य दिवा, फिल म्हणजे सावल्या उजळणारा पूरक उजेड, आणि एक स्टॉप म्हणजे उजेड दुप्पट किंवा निम्मा होणं.

शिक्षण वेगळं, म्हणून हात वेगळा

मूर्ती १९२३ सालचे, म्हैसूरचे. बंगळुरूच्या पॉलिटेक्निकमधून छायालेखनाचा डिप्लोमा घेतला, मुंबईत फली मिस्त्रींच्या हाताखाली काम केलं आणि 'जाल' (१९५२) पासून गुरुदत्तचे स्वतंत्र छायालेखक झाले. म्हणजे स्टुडिओचं सगळं व्याकरण आधी अंगात मुरलं आणि मग ते मोडायला घेतलं. 'प्यासा', 'कागज के फूल', 'साहिब बीबी और गुलाम' या तिन्हींत लाइट कुठून येतो यापेक्षा तो कुठे थांबवला आहे, हे बघण्यासारखं आहे.

सुब्रत मित्र १९३० सालचे. फ्रेंच दिग्दर्शक जाँ रन्वार 'द रिव्हर'साठी बंगालात आले, तेव्हा ते शूटिंग सुब्रतबाबूंनी बाजूला उभं राहून पाहिलं आणि टिपणं काढली. 'पथेर पांचाली' सुरू झाला तोवर त्यांनी मूव्ही कॅमेरा हातात धरलेला नव्हता. स्टुडिओतला दिवा कसा लावतात हे कुणी शिकवलेलं नसल्यामुळे त्यांनी खरा उजेड कसा पडतो हे पाहिलं आणि तो उभा करायची युक्ती स्वतः शोधली.

करिअरचाही फरक आहे, पण तो थोडक्यात. मूर्तींनी गुरुदत्त गेल्यावर 'लव्ह इन टोकियो', 'जुगनू' यांसारखे रंगीत, धंदेवाईक सिनेमे केले, पुढे 'तमस' आणि 'भारत एक खोज'वरही काम केलं. २००८ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. एखाद्या छायालेखकाला तो मिळण्याची ती पहिलीच वेळ. सुब्रतबाबूंनी राय यांचे दहा कथापट केले, शेवटचा 'नायक' (१९६६). मर्चंट-आयव्हरी या निर्माता-दिग्दर्शक जोडीचे काही, 'तीसरी कसम', आणि 'न्यू दिल्ली टाइम्स'साठी राष्ट्रीय पुरस्कार. आकड्यांत काम कमी, पण आज दुनियाभर घरातले सीन ज्या पद्धतीनं लाइट होतात तिच्या फार जवळचं.

बाउन्सची वाट

'अपराजितो' (१९५६) मधलं काशीचं घर बघा. त्याचं अंगण कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी स्टुडिओत उभं केलं होतं. काशीतल्या तसल्या घरात ऊन तळापर्यंत पोचत नाही. वरच्या चौकोनातून आभाळाचा उजेड खाली झिरपतो आणि त्याला म्हणावी अशी सावली नसते. नेहमीसारखे दिवे थेट मारले असते तर प्रत्येक माणसामागे तीन-तीन सावल्या पडून सेटचं बिंग फुटलं असतं. सुब्रतबाबूंनी सेटच्या डोक्यावर पांढरं कापड ताणलं आणि दिवे खालून त्या कापडावर मारले. बस्स, एवढंच. तो सेट आहे हे आजही सांगावं लागतं.

तुमच्या खोलीत याचं साधं रूप म्हणजे ८ बाय ४ फुटांची थर्माकोलची शीट आणि ३०० वॉटचा एक सीओबी एलईडी (एकाच छोट्या ठिपक्यातून उजेड देणारा एलईडी दिवा). थर्माकोल खिडकीच्या बाजूला, थोडा तिरपा, वरची कड नटाच्या डोक्यापेक्षा दोनेक फूट उंच. एलईडी त्यावर चार-पाच फुटांवरून. थेट लाइटच्या मानानं अडीच-तीन स्टॉप जातात, म्हणजे तेवढंच एक्स्पोजर हवं असेल तर सहा-आठ पट ताकद लागते. टंगस्टनच्या, म्हणजे तारेच्या जुन्या दिव्यांच्या काळात हे परवडायचं नाही: २ किलोवॉटचा एक दिवा जवळपास ९ अँपिअर ओढतो, घरातल्या छोट्या सॉकेटवर तो चालतच नाही. आता ८०० आयएसओ (कॅमेऱ्याची संवेदनशीलता) आणि २.८ (लेन्सचं छिद्र) वर कुठलाही बरा कॅमेरा निभावून नेतो, म्हणून हा आक्षेप बाद धरायला हरकत नाही.

कापड वापरणार असाल तर मांजरपाट घेऊ नका. कोरं मांजरपाट पिवळट असतं आणि चेहऱ्यावर तो पिवळेपणा उतरतो. धुवट पांढरा लठ्ठा बरा. छतावर बाउन्स करायचा मोह होतो, पण आधी छत किती पांढरं आहे ते पांढरा कागद शेजारी धरून तपासा. आणि भिंती! आपल्याकडच्या घरांत पिस्ता, आकाशी, गुलाबी ऑइलपेंट सर्रास. बाउन्सचा उजेड खोलीभर फिरतो आणि भिंतीचा रंग उचलून गालावर आणून ठेवतो. पिस्ता भिंतीशेजारी बसलेला माणूस कावीळ झाल्यासारखा दिसतो आणि ग्रेडिंगमध्ये, म्हणजे शूटिंगनंतरच्या रंगदुरुस्तीत, ते निस्तरताना ओठांचा रंग जातो. उपाय एकच, फ्रेमबाहेरच्या भिंतीवर काळं कापड टाकणं. 'अपराजितो' कृष्णधवल असल्यानं ही कटकट तिथे नव्हती.

फायदे मात्र ठोस आहेत. नट खोलीत कुठेही जाऊ शकतो. 'चारुलता'च्या सुरुवातीला चारू दुर्बीण घेऊन या खिडकीतून त्या खिडकीत जाते, तशी हालचाल ठिकठिकाणी मार्क (नटानं थांबायच्या खुणा) लावून साधणार नाही. लहान मुलं, आजीआजोबा, कधीच कॅमेऱ्यासमोर न आलेली माणसं यांच्यासाठी बाउन्सच हवा, कारण ती मार्कवर थांबत नाहीत आणि थांबवलीत तर त्यांचं वागणं लाकडी होतं. डोळ्यांत मोठा, मऊ ठिपका मिळतो. मास्टर शॉट (सगळा सीन एकत्र दाखवणारा) संपवून क्लोजअपला गेलात तर शीट फूटभर सरकवली की काम भागतं.

थेट लाइटची वाट

'कागज के फूल' (१९५९) मधला तो उन्हाचा झोत सगळ्यांनी पाहिलेला असतो. रिकामा स्टुडिओ, वरून तिरपा उतरणारा प्रकाशाचा खांब, दोन माणसं. हा भारतातला पहिला सिनेमास्कोप सिनेमा. फ्रेम प्रचंड रुंद आणि ती भरायला मूर्तींकडे बहुतांशी अंधारच. झोतासाठी त्यांनी दोन मोठे आरसे वापरले. एकानं बाहेरचं ऊन आत वळवायचं, दुसऱ्यानं ते हवं तिथे टाकायचं.

स्टुडिओत दिवे असताना आरशाचा खटाटोप कशाला? सूर्य इतका लांब आहे की त्याचे किरण जवळजवळ समांतर येतात, म्हणून झोताच्या दोन्ही कडा वरपासून खालपर्यंत सरळ राहतात. पंधरा-वीस फुटांवरचा दिवा पंख्यासारखा पसरतो आणि डोळ्याला ते लगेच कळतं. हीच युक्ती तुम्ही करणार असाल तर एक हिशोब लक्षात ठेवा. सूर्य साधारण चार मिनिटांत एक अंश सरकतो. आरसा स्थिर असेल तर चाळीस फुटांवर झोत तेवढ्या वेळात आठेक इंच हलतो. दोन टेकमध्ये नटाचा कान अंधारात गेला तर दोष नटाचा नाही; आरशापाशी एक माणूस कायम लागतो आणि झोत कुठे पडायला हवा याची खडूची खूण भिंतीवर किंवा जमिनीवर लागते. झोत दिसण्यासाठी हवेत काहीतरी हवं. धूर थोडा आणि सारखा पसरलेला असावा. पंखे बंद, खिडक्या बंद. मागची भिंत उजळ असेल तर कितीही धूर करा, झोत दिसणार नाही.

घरात रोजच्या कामाला आरसे लागत नाहीत. नाटकाला लाइट पुरवणाऱ्याकडे प्रोफाइल स्पॉट, म्हणजे धारदार कडेचा झोत टाकणारा दिवा, मिळतो, सिनेमाच्या भाड्यापेक्षा बऱ्याचदा स्वस्त. २६ अंशांची लेन्स असलेला स्पॉट बारा फुटांवरून टाकला तर साधारण साडेपाच फुटांचं वर्तुळ पडतं. त्याच्या आतल्या चार पात्यांनी ते कापून खिडकीचा चौकोन करता येतो. फ्रेनेल (पुढे भिंग असलेला, झोत रुंद-अरुंद करता येणारा दिवा) असेल तर एक गोष्ट बरेच जण उलटी करतात: खिडकीच्या गजांची सावली धारदार हवी असेल तर दिवा फुल फ्लडवर (झोत पूर्ण रुंद) ठेवा; स्पॉटवर (झोत अरुंद) नेलात की कडा विरघळतात. सीओबीचा रिफ्लेक्टर काढून टाका, नाहीतर गजांच्या दुहेरी सावल्या पडतात.

मग कटर, म्हणजे उजेड अडवायचा काळा पुठ्ठा किंवा कापड. दिव्याजवळ धरला तर कड मऊ, नटाजवळ नेला तर कड धारदार. 'साहिब बीबी और गुलाम' (१९६२) मधलं 'साकिया आज मुझे नींद नहीं आएगी' बघा: मुख्य नर्तकी लख्ख उजेडात, मागच्या सगळ्या नाचणाऱ्या जणी सावलीत. कुणाला उजेड द्यायचा आणि कुणाला नाही, हे इतक्या दणक्यात सांगणारं दुसरं गाणं मला तरी सुचत नाही.

तोटे सांगितलेच पाहिजेत. नट अर्धा फूट चुकला की डोळा अंधारात. दोन दिवे थेट टाकले की दोन सावल्या, म्हणून की एकच ठेवावा लागतो. त्वचेवरचे खड्डे, मेकअपच्या कडा सगळं दिसतं. कॅमेरा दुसऱ्या बाजूला नेला की सगळं नव्यानं लावावं लागतं. बाउन्सच्या मानानं शॉट बदलायला दुप्पट वेळ धरा. दिवसात पंचवीस शॉट काढायचे असतील तर ही वाट नको.

भिंत

इथवर वाचून कुणालाही वाटेल की सुब्रतबाबूंचीच वाट सोपी आणि शहाणपणाची. मोठ्या जागेत ते खरंही आहे. मला अडवते ती नटामागची भिंत.

आकडे घालून पाहू. बाउन्सची शीट चेहऱ्यापासून ४ फुटांवर, भिंत चेहऱ्यामागे ३ फुटांवर. दहा बाय बाराच्या खोलीत याहून जास्त मिळत नाही, कारण कॅमेऱ्यालाही उभं राहायला जागा हवी. म्हणजे शीटपासून भिंत ७ फूट. अंतराच्या वर्गाच्या नियमानं भिंतीवर चेहऱ्यापेक्षा दीड स्टॉपच्या आसपास कमी उजेड पोचायला हवा. शीट जवळ आणि मोठी असल्यानं प्रत्यक्षात फरक त्याहूनही कमी पडतो. आता चुन्याची पांढरी भिंत सावळ्या चेहऱ्यापेक्षा दीड ते दोन स्टॉप जास्त उजेड परत फेकते. अंतरानं जे कमावलं ते चुन्यानं परत नेलं. पडद्यावर चेहरा आणि भिंत एकाच पातळीवर येतात, कधी भिंत वरचढ ठरते, आणि बघणाऱ्याचा डोळा कॅलेंडरच्या खिळ्याकडे जातो.

रात्रीचा सीन असेल तर हाल विचारू नका. एक्स्पोजर खाली आणा, चेहरा चिखलात जातो. ग्रेडिंगमध्ये भिंत मास्क करून दाबा, नट हलला की केसांभोवती प्रभावळ दिसते. भिंतीसमोर कटर धरा, तर ८ बाय ४ ची शीट कटरच्या सगळ्या बाजूंनी वळसा घालून येते. कड पडतच नाही, नुसता उजेड थोडा मंद होतो. कड पडावी एवढा कटर भिंतीजवळ नेला तर तो फ्रेममध्ये येतो.

यावर उपाय नाहीत असं नाही. डोक्यावरच्या कापडाला चारी बाजूंनी दीड-दोन फुटांची काळी झालर लावली तर भिंतीचा वरचा भाग वाचतो. सॉफ्टबॉक्सला (दिव्यावरच्या कापडी खोक्याला) उजेड पसरू न देणारी कापडी ग्रिड लावता येते. सुब्रतबाबूंनी 'चारुलता'च्या वेळी लाकडी खोक्यांत दिवे बसवून तोंडाला पातळ कागद लावला. मऊ उजेडही मिळाला आणि खोक्याच्या बाजूंनी तो इकडेतिकडे सांडणंही रोखलं. बाउन्सच्या जनकालाच त्याला कुंपण घालावं लागलं, हे मला फार बोलकं वाटतं. पण 'चारुलता'चं घर चारूच्या नवऱ्याचं, भूपतीसारख्या श्रीमंताचं आहे. माणूस आणि भिंत यांच्यात अंतर आहे, भिंतीवर नक्षीचा गडद वॉलपेपर आहे. आपल्या वाट्याला येतो चुना नाहीतर फिकट डिस्टेंपर, आणि पाठ भिंतीला टेकलेली.

थेट लाइटला हा प्रश्न दोन मिनिटांचा. बार्न डोअरचं, म्हणजे दिव्याच्या तोंडावरच्या झडपांचं, एक पातं खाली, किंवा दोन फुटांचा कटर, आणि भिंत अंधारात. चेहऱ्याला धक्का नाही. दिवा थोडा बाजूला आणि उंच घेतला की नटाची सावली फ्रेमबाहेर जमिनीवर पडते. खोली छोटी असली तरी पडद्यावर ती किती खोल आहे ते सांगता येत नाही, कारण तिचा शेवटच दिसत नाही. छोट्या खोलीत मी मूर्तींच्या बाजूला झुकतो ते एवढ्याचसाठी.

मग कुणी काय घ्यावं

वाड्यात शूटिंग असेल आणि चौक उघडा असेल तर प्रश्नच नाही, चौकावर पांढरं कापड ताणा आणि सुब्रतबाबूंना नमस्कार करा. भिंती गडद, मातीच्या किंवा दगडी असतील तरी बाउन्स चांगला चालतो. लहान मुलांचा सीन, हातात कॅमेरा, ऐनवेळी सुचलेले संवाद, दिवसाउजेडी घरातली गडबड: बाउन्स. दिवाळीचा फराळ करणाऱ्या पाच बायका एका स्वयंपाकघरात असतील तर थेट लाइटच्या नादी लागू नये.

दोन माणसं, रात्र, फिकट भिंत, आणि नट थोडंफार मार्कवर थांबणारे असतील, तर थेट लाइट करून बघा. फिलसाठी वेगळा दिवा लावू नका. खिडकीतून टाकलेला झोत फ्रेमबाहेरच्या पलंगावर पाडा आणि पलंगावर पांढरी चादर अंथरा. ती खालून जेवढा उजेड वर फेकेल तेवढाच फिल बहुतेकदा पुरतो. जास्त झाला तर चादर अर्धी दुमडा. हा बाउन्सच आहे म्हणा हवं तर, फक्त त्याचा आकार चादरीएवढा आणि ताबा तुमच्या हातात.

चाळीत एक अडचण हमखास येते: खोलीबाहेरची गॅलरी चारच फुटांची, त्यामुळे दिवा खिडकीपासून मागे नेता येत नाही आणि जवळून टाकला की गजांच्या सावल्या पंख्यासारख्या फाकतात. इथे मूर्तींचा आरसा कामाला येतो. दिवा गॅलरीत आडवा दहा फूट लांब ठेवा, खिडकीसमोर कठड्याला २ बाय ३ चा आरसा तिरपा बांधा. दिवा दहा फुटांनी मागे नेल्यासारखं होतं. आरसा निदान ५ मिलिमीटर जाडीचा घ्या, पातळ आरसा वाकतो आणि भिंतीवर पाण्यासारखे डाग पडतात. साध्या आरशात पुढच्या काचेवरूनही थोडा उजेड परततो, त्यामुळे कडेला एक फिकी दुसरी कड दिसते. गजांच्या सावलीत ती खपून जाते. आरशाच्या पाठीला आडवीउभी चिकटपट्टी मारा म्हणजे फुटला तरी काचा खाली सांडणार नाहीत, आणि दोरीशिवाय एक साखळी वेगळी बांधा, कारण खालच्या मजल्यावर माणसं ये-जा करत असतात.